रिकाम्या जागा भरून ‘इफ’ येत नाही

मा. संपादक,
स. न. वि. वि.

परीक्षा जवळ आल्या की अभ्यासाच्या पानांवर, सराव-पुस्तिकांत आणि शिकवणीच्या झेरॉक्सवर इंग्रजी व्याकरणाचा एक प्रश्न हमखास दिसतो. ‘इफ’ने सुरू होणारे वाक्य, मध्ये गाळलेली जागा, कंसात मूळ क्रियापद, आणि वर सूचना : ‘सेकंड कंडिशनल वापरून वाक्य पूर्ण करा.’ विद्यार्थी त्यात दहापैकी दहा गुण मिळवतो आणि त्याच आठवड्यात निबंधात ‘इफ आय विल गेट टाइम’ असे लिहून मोकळा होतो. पालकांना हे कोडे वाटते. खरे तर उत्तर त्या सूचनेतच दिलेले असते. कोणता प्रकार लागेल हे ठरवणे हाच संकेतार्थी, म्हणजे अट सांगणाऱ्या वाक्यातला अवघड भाग, आणि तो प्रश्न काढणाऱ्यानेच उरकलेला असतो. मुलाच्या वाट्याला उरते ते फक्त क्रियापदाचे रूप चालवणे. हा सराव कसा बदलता येईल, याविषयी काही नेमक्या गोष्टी मांडण्यासाठी हे पत्र.

‘इफ’च्या वाक्यांच्या प्रकारांना दिलेली झीरो, फर्स्ट, सेकंड, थर्ड ही नावे शिक्षकांच्या सोयीची आहेत. त्या आकड्यांत अर्थ काहीच नाही. मुले ‘थर्ड म्हणजे हॅड आणि वुड हॅव’ असे घोकतात, पण थर्ड केव्हा हे त्यांना सांगता येत नाही. आकड्यांऐवजी दोन प्रश्न पाठ करून घ्यावेत. पहिला : ही गोष्ट घडू शकते, की मी नुसती कल्पना करतो आहे? दुसरा : गोष्ट आत्ताची किंवा पुढची आहे, की होऊन गेलेली? घडू शकते आणि पुढची आहे, तर ‘इफ’च्या बाजूला साधा वर्तमानकाळ आणि दुसऱ्या बाजूला ‘विल’. नुसती कल्पना, पण आत्ताची किंवा पुढची, तर इकडे साधा भूतकाळ आणि तिकडे ‘वुड’ (हाच तो ‘सेकंड’). होऊन गेलेले आणि आता बदलता न येणारे, तर इकडे ‘हॅड’ अधिक क्रियापदाचे तिसरे रूप, तिकडे ‘वुड हॅव’ अधिक तिसरे रूप. नेहमीच घडते, म्हणजे ‘इफ’च्या जागी ‘व्हेन’ घातले तरी अर्थ फारसा हलत नाही, तर दोन्हीकडे साधा वर्तमानकाळ : ‘इफ यू हीट आइस, इट मेल्ट्स.’ या शेवटच्या प्रकारावर एका तासापेक्षा जास्त वेळ घालवू नये. त्यात चुका फारशा होत नाहीत.

चुका होतात त्या मराठीच्या ओढीने. नेमकी ही ओढ कुठून येते, हे बहुतेक सराव-पुस्तिकांत सापडत नाही, कारण त्या मराठी मुलांसाठी लिहिलेल्याच नसतात.

‘तो घरी असेल तर मी जाईन’ हे वाक्य पाहा. मराठीत अटीच्या बाजूला ‘असेल’ येते, ‘तू येशील तर’ असेही आपण सहज म्हणतो. म्हणून मूल ‘इफ ही विल बी अ‍ॅट होम’ लिहिते. दुसरीकडे ‘पाऊस आला तर मी येणार नाही’ यात आपण पुढच्या गोष्टीसाठी ‘आला’ हे भूतकाळी रूप वापरतो, आणि त्यात शंका किंवा कल्पना काही नसते, साधी शक्यता असते. तेच मूल इथे ‘इफ इट रेन्ड, आय विल नॉट कम’ लिहिते. एकाच वहीत दोन विरुद्ध दिशांच्या चुका दिसतात आणि तपासणारा ‘गोंधळलेला आहे’ असा शेरा मारतो. पोरगे गोंधळलेले नाही, दोन्ही वेळा ते मराठीशी प्रामाणिक राहिले आहे. उपायही मग सोपा होतो : ‘असेल तर’, ‘येशील तर’, ‘आला तर’ अशी १२ मराठी वाक्ये घ्यावीत, सगळी खऱ्या शक्यतेची, आणि सगळ्यांचा ‘इफ’कडचा भाग साध्या वर्तमानकाळातच लिहून घ्यावा. बाराही वाक्ये एकाच साच्यात पडतात हे मुलाने स्वतः पाहिले की ‘विल’ची सवय सैल होऊ लागते.

तिसरी ओढ आणखी बळकट आहे. ‘तो आला असता तर मी गेलो असतो.’ मराठीत दोन्ही अंगांना ‘असता’ आणि ‘असतो’, जणू तराजूची दोन पारडी. इंग्रजीत ती सारखी नसतात. पण मुलाच्या कानात समतोल बसलेला असतो, म्हणून ते दोन्हीकडे सारखेच घालते : ‘इफ ही वुड हॅव कम, आय वुड हॅव गॉन.’ इंग्रजी मातृभाषा असलेलेही बोलताना असे म्हणताना आढळतात, पण लेखनात आणि परीक्षेत ते चूकच धरले जाते. इथे नियम एका ओळीत सांगावा : कल्पनेच्या वाक्यात ‘वुड’ फक्त एकदा, तेही ‘इफ’ नसलेल्या बाजूला. वहीत ‘इफ’पासून स्वल्पविरामापर्यंतचा भाग पेन्सिलने चौकटीत घालायला सांगावा आणि चौकटीत ‘विल’ किंवा ‘वुड’ सापडले तर वाक्य पुन्हा वाचायचे, इतकेच. याला अपवाद आहेत. ‘इफ यू विल वेट अ मोमेंट’ यात ‘विल’ इच्छा किंवा विनंती दाखवते. ‘आय डोन्ट नो इफ ही विल कम’ यात तर ‘इफ’ अटीचा नाहीच, तो ‘की नाही’चा आहे. मात्र हे अपवाद मूळ साचा पक्का झाल्यावरच दाखवावेत. आधी दाखवले तर मूल प्रत्येक चुकीला अपवादाचे नाव देते.

आता सर्वांत महत्त्वाचे. पुढची तीन वाक्ये मोठ्याने वाचून पाहा. काल रविवार असता तर मी घरी असतो. आज रविवार असता तर मी घरी असतो. उद्या रविवार असता तर मी घरी असतो. मराठीत क्रियापद तिन्हीकडे तेच, काळ सांगतात ते काल, आज, उद्या हे शब्द. इंग्रजीत ‘काल’चे वाक्य होते, ‘इफ यस्टरडे हॅड बीन संडे, आय वुड हॅव बीन अ‍ॅट होम.’ ‘आज’चे होते, ‘इफ टुडे वेअर संडे, आय वुड बी अ‍ॅट होम.’ आणि ‘उद्या’चे हुबेहूब आजसारखे : ‘इफ टुमॉरो वेअर संडे, आय वुड बी अ‍ॅट होम.’ म्हणजे इंग्रजी इथे दोनच खाने पाडते, होऊन गेलेले आणि न झालेले, आणि ते खाने क्रियापदात पाडते. मराठी तो भार वेगळ्या शब्दावर टाकते. हा फरक फळ्यावर तीन ओळींत दिसतो, पण तो न दाखवता ‘सेकंड’ आणि ‘थर्ड’चे नियम दिले की मुलाला ते दोन स्वतंत्र, मनमानी कायदे वाटतात.

यातून एक तक्रारही निघते. भाषांतराच्या प्रश्नांत ‘माझ्याकडे पैसे असते तर मी ते घर घेतले असते’ असे वाक्य दिलेले असते आणि उत्तरसूचीत एकच उत्तर. या मराठी वाक्याची दोन इंग्रजी भाषांतरे बिनचूक आहेत. पैसे आत्ता नाहीत आणि घर अजून विकाऊ आहे, तर ‘इफ आय हॅड मनी, आय वुड बाय दॅट हाउस.’ तेव्हा नव्हते आणि घर हातचे गेले, तर ‘इफ आय हॅड हॅड मनी, आय वुड हॅव बॉट दॅट हाउस.’ एक उत्तर चूक म्हणून खोडले जाते आणि ज्याचे खोडले गेले ते मूल पुढच्या वेळी विचार करणे सोडून सूचीचा अंदाज घेऊ लागते. प्रश्न काढणाऱ्याने वाक्यात काळाचा शब्द घालावा, ‘गेल्या वर्षी’, ‘आत्ता’, काहीही. नाही तर दोन्ही उत्तरे मान्य करावीत. जाता जाता, ‘हॅड हॅड’ पाहून मुले बिचकतात आणि एक ‘हॅड’ छपाईची चूक समजून गाळतात. पहिला ‘हॅड’ काळाचा, दुसरा ‘जवळ असणे’ या क्रियापदाचे तिसरे रूप, हे दोन मिनिटांत सांगून टाकावे.

सरावाचे म्हणाल तर दोन प्रकार मला सर्वांत उपयोगी वाटतात. दोन्हींना वही आणि पेन्सिल सोडून काही लागत नाही.

पहिला साखळीचा. एका वाक्याचा परिणाम पुढच्या वाक्याची अट होतो. ‘इफ आय मिस द बस, आय विल बी लेट. इफ आय अ‍ॅम लेट, आय विल मिस द टेस्ट. इफ आय मिस द टेस्ट, आय विल हॅव टु टेक इट अगेन.’ चौघांचा गट, आळीपाळीने प्रत्येकाचे एक वाक्य, निदान ८ कड्या. यात खरे काम करते ते सांध्यातले क्रियापद. ‘विल बी लेट’ हे परिणाम म्हणून आले आणि लगेच अट म्हणून ‘अ‍ॅम लेट’ झाले. तेच शब्द, पण बाजू बदलली की रूप बदलले. बहुतेक मुले दुसऱ्याच कडीवर ‘इफ आय विल बी लेट’ म्हणून अडखळतात. तिथे थांबवायचे, नियम न सांगता फक्त मागची कडी पुन्हा म्हणायला लावायची. साखळी सुरळीत झाली की तीच कल्पनेत न्यायची : ‘इफ आय मिस्ड द बस, आय वुड बी लेट. इफ आय वेअर लेट, आय वुड मिस द टेस्ट.’ आणि मग होऊन गेलेल्यात : ‘इफ आय हॅड मिस्ड द बस, आय वुड हॅव बीन लेट. इफ आय हॅड बीन लेट...’ तीनही फेऱ्या एकाच दिवशी घेऊ नयेत. एका दिवशी एक फेरी, १५ मिनिटे, आणि तिसऱ्या फेरीनंतर एखादा दिवस तिन्ही मिसळून. मिसळण्याचा दिवस चुकवला तर सगळा सराव पुन्हा गाळलेल्या जागांसारखाच होतो, कारण एकाच फेरीच्या दिवशी कोणते रूप हवे हे मुलाला आधीच ठाऊक असते.

दुसरा प्रकार उलटापालटीचा. दोन साधी, खरी वाक्ये द्यायची : ‘ही वॉज लेट. ही मिस्ड द ट्रेन.’ त्यांतून न घडलेले वाक्य बनवायचे. पायऱ्या अशा. आधी घटना मराठीत बोलून घ्यायची, उशीर झाला आणि गाडी चुकली. मग दोन्ही वाक्ये उलटी करायची, उशीर झाला नसता, गाडी चुकली नसती. मग काळ पाहायचा, होऊन गेलेले. मगच लिहायचे : ‘इफ ही हॅड नॉट बीन लेट, ही वुड नॉट हॅव मिस्ड द ट्रेन.’ इथली ठरलेली चूक म्हणजे एकच बाजू उलटवणे. ‘इफ ही हॅड बीन लेट, ही वुड नॉट हॅव मिस्ड द ट्रेन’ हे वाक्य व्याकरणाला धरून आहे, रूपे सगळी बरोबर आहेत, आणि अर्थ साफ उलटा झाला आहे. गाळलेल्या जागांच्या प्रश्नात ही चूक कधीच पकडली जात नाही, कारण ‘नॉट’ कुठे घालायचे ते छापलेलेच असते. म्हणून लिहून झाल्यावर मुलाला विचारायचे : या वाक्यात त्याला उशीर झाला की नाही? गाडी मिळाली की नाही? दोन्ही उत्तरे मूळ घटनेशी जुळली तर वाक्य पास. अशी जोडवाक्ये रोज ५ पुरतात. त्यांतल्या दोनांत तरी एक बाजू होकारी आणि एक नकारी ठेवावी, ‘शी डिडन्ट स्टडी. शी फेल्ड.’ अशी. नाही तर मुले डोळे मिटून दोन्हीकडे ‘नॉट’ घालू लागतात.

याच सरावातून मिश्र वाक्ये आपोआप पुढे येतात. ‘आय डिडन्ट टेक द मेडिसिन. आय अ‍ॅम स्टिल इल.’ अट कालची, परिणाम आजचा. प्रत्येक बाजूला काळाचा प्रश्न वेगळा विचारायचा, म्हणजे ‘इफ आय हॅड टेकन द मेडिसिन, आय वुड नॉट बी इल नाउ’ हे मिळते. उलट दिशेनेही जाते : माणूस मुळातच निष्काळजी, आणि किल्ल्या हरवल्या काल. ‘इफ ही वेअर केअरफुल, ही वुड नॉट हॅव लॉस्ट द कीज.’ पुस्तके याला ‘मिक्स्ड’ म्हणून शेवटच्या धड्यात ढकलतात आणि मुलांना तो पाचवा कायदा वाटतो. आकडे पाठ केलेल्या मुलाला तो अवघड जातोच. दोन प्रश्न विचारायची सवय असलेल्याला त्यात नवे काही नाही.

‘अनलेस’विषयी थोडे कडक लिहितो. ‘अनलेस म्हणजे इफ नॉट’ हे सूत्र देऊन वाक्ये बदलायला लावण्याची प्रथा आहे. त्याचे पहिले फळ म्हणजे ‘अनलेस यू डोन्ट स्टडी, यू विल फेल’. नकार ‘अनलेस’च्या पोटात असतो, तो पुन्हा बाहेर लिहायचा नाही, हे सांगितले की ही चूक बरीच आटोक्यात येते. दुसरी चूक मात्र प्रश्न काढणाऱ्यांची असते. सगळीच ‘इफ नॉट’ वाक्ये ‘अनलेस’मध्ये जात नाहीत. ‘आय विल बी सरप्राइज्ड इफ ही डझन्ट कम’ याचे ‘अनलेस ही कम्स’ केले तर अर्थ भलताच होतो : तो आला नाही तर मला आश्चर्य वाटेल, याऐवजी तो आलाच तर माझे आश्चर्य टळेल, एरवी ते ठरलेलेच आहे. ‘इफ ही वेअरन्ट सो लेझी, ही वुड पास’ यातही ‘अनलेस’ बसत नाही, कारण आळस ही खरी, चालू असलेली स्थिती आहे आणि आपण ती नसल्याची कल्पना करतो आहोत. ‘अनलेस’ला पुढे घडू शकणारा अपवाद लागतो. प्रश्न छापण्यापूर्वी ‘हे झाले तरच सुटका, नाही तर नाही’ असा अर्थ निघतो का, एवढे पाहिले तरी पुष्कळ.

लहानसहान गोष्टी चटकन सांगतो. ‘इफ’चा भाग आधी आला तर मध्ये स्वल्पविराम, नंतर आला तर नाही. ‘तर’साठी ‘देन’ लिहायची गरज नसते. प्रत्येक वाक्यात ‘इफ... देन’ आले की लेखन जड होते. परिणामाकडे नेहमी ‘विल’च असावे असेही नाही. ‘कॅन’, ‘मे’, ‘मस्ट’, ‘शुड’ चालतात, आज्ञाही चालते : ‘इफ द अलार्म रिंग्ज, लीव्ह द बिल्डिंग.’ ‘इफ आय वॉज’ बोलण्यात सर्रास ऐकू येते, पण परीक्षेत ‘इफ आय वेअर’ लिहिलेले सुरक्षित. ‘इफ आय वेअर यू’ तर तसेच लिहायचे. आणि सुरुवातीच्या सरावात ‘पुट’, ‘कट’, ‘हिट’ ही क्रियापदे टाळावीत. त्यांची तिन्ही रूपे सारखी, त्यामुळे मुलाने काळ ओळखला की नुसता योगायोगाने बरोबर आला, हे तपासणाऱ्याला कळत नाही. त्यापेक्षा ‘गो’, ‘सी’, ‘टेक’, ‘राइट’, ‘नो’, ‘गिव्ह’, ज्यांचे दुसरे आणि तिसरे रूप वेगळे, ती घ्यावीत.

कानाचा सराव जवळजवळ कुणीच घेत नाही. बोलण्यात ‘हॅड’ आणि ‘वुड’ दोन्ही आखडून ‘ड’ उरतो. ‘इफ आय’ड नोन, आय’ड हॅव कॉल्ड’ यातला पहिला ‘ड’ म्हणजे ‘हॅड’, दुसरा ‘वुड’. ओळखायची खूण पुढच्या शब्दात असते : पुढे तिसरे रूप आले तर ‘हॅड’, मूळ रूप आले तर ‘वुड’. ‘हॅव’ हे मूळ रूप, म्हणून दुसरीकडे ‘वुड’. घाई झाली की ‘वुड हॅव’चे ‘वुडव्ह’ ऐकू येते आणि काही जण ते चक्क ‘वुड ऑफ’ असे लिहितात. आठवड्यातून एकदा अशी ६ वाक्ये नेहमीच्या वेगाने दोनदा वाचून श्रुतलेखन घ्यावे आणि मुलांना आखडलेली रूपे पूर्ण लिहायला लावावीत.

तपासणीबद्दल एक सूचना. दोन प्रकारच्या चुका एकाच लाल फुलीखाली जातात. ‘वुड हॅव वेंट’ लिहिणाऱ्याने प्रकार बरोबर निवडला आहे, त्याला फक्त ‘गॉन’ येत नाही. त्याला क्रियापदांचा तक्ता पाहिजे. ‘इफ आय हॅड टाइम टुमॉरो, आय विल कम’ लिहिणाऱ्याचे प्रत्येक रूप स्वतंत्रपणे ठीक आहे, पण शक्यता की कल्पना हे त्याने ठरवलेलेच नाही. त्याला तक्ता देऊन उपयोग शून्य. पहिल्या चुकीखाली ‘रू’ आणि दुसरीखाली ‘अ’ अशी अक्षरे लिहिली, रूपाची आणि अर्थाची, तरी महिन्याभरात कोणाला काय द्यायचे ते वहीच सांगते. गुण देतानाही ‘अ’ची चूक मोठी धरावी.

आपल्या दैनिकाच्या अभ्यासाच्या पानावर यापुढे असे प्रश्न छापताना प्रकाराचे नाव सूचनेतून काढून टाकावे, मराठी वाक्यात काळाचा शब्द घालावा, आणि उत्तरसूचीत जिथे दोन उत्तरे बरोबर असतील तिथे दोन्ही छापावीत, ही विनंती. जागेची अडचण असेल तर २० प्रश्नांऐवजी ८ दिले तरी चालतील.

आपला,
एक इंग्रजी शिक्षक